सातवा रकाना

शिरोड्याच्या मिठागरात तिसऱ्या आणि चौथ्या वाफ्याच्या मधे
पत्र्याची एक खोली आहे. पाटी: भावमापन केंद्र, दुय्यम.
मुख्य केंद्र रत्नागिरीत. तिथे पंखा आहे.

माझं काम सोपं. पहाटे पाचला
वाफ्यात काच बुडवायची, मीठ कितपत धरलंय बघायचं,
मग ऊन वजा, वारा वजा, भरती वजा, चंद्र वजा,
उरतं ते माणसांचं.
ते कढांत मोजायचं. एक कढ म्हणजे
मीठ धरायला एका तासाचा उशीर.

(आईला फोनवर विचारलं, तुला कढ किती येतात गं?
म्हणाली, मला की आमटीला?)

राग मिठाला कळत नाही, तो लोखंडाला लागतो:
परबांच्या दोघा भावांत गडग्याचा दावा चालला ती नऊ वर्षं
त्यांच्या फाटकाला बिजागरी टिकली नाही.
आनंदाने वस्तू हलकी होते, पण फार थोडी;
तांडेलांकडे लग्न होतं तेव्हा वाण्याचा तराजू
पोत्यामागे सात ग्रॅम खोटं बोलला,
वाणी गप्प राहिला.
मत्सराने आमसुलं लवकर काळी पडतात म्हणतात.
ते अजून सिद्ध नाही. माझ्या मावशीच्या मते सिद्ध आहे.

तक्त्यात सात रकाने. सातवा निरीक्षकाचा:
रोज स्वतःला मोजून स्वतःला वजा करायचं,
नाहीतर आपलंच काहीबाही
गावाचं दुःख म्हणून वरिष्ठांकडे जातं.
मी ०.१ लिहिते. रविवारी ०.२.

माझ्या आधी इथे लाडोबा आजगावकर होते.
त्यांच्या वह्यांत सातव्या रकान्यात
अकरा वर्षं, रोज, चतुर्थीलासुद्धा, ४.३.
एवढं उरात घेऊन माणूस
भर बाजारात बांगड्याच्या भावावरून खो-खो हसतो?

मग रत्नागिरीहून पत्र:
आजगावकर निवृत्त झाल्यापासून शिरोड्याच्या आकड्यात
४.३ ची अचानक वाढ. खुलासा करावा.
पंधरा तारखेला पथक येईल.

गुरुवारी आरवलीला गेले. ते पडवीत सुपारी सोलत होते.
वर न बघता म्हणाले,
"ता माझा न्हय गो. ता सत्यवतीचा."

सत्यवती रेडकर. चौथ्या वाफ्यावर मीठ ओढते.
फावडं तिच्याहून उंच.
मला एकदा तिने पदरातून कैरी काढून दिली होती.

"कसला दुःख, ता मी इचारूक नाय.
आकडो वर गेलो असतो तर रत्नागिरीसून मानसां इली असती,
तिच्या दाराक तारा लायली असती, चुलीत काच घातली असती.
म्हणान माझ्या नावार घातलंय."
जरा थांबून: "पगारवाढ तेवढी अडवल्यानी.
अस्थिर मनाचो निरीक्षक म्हणान."
आणि माझ्या पिशवीत मूठभर सुपाऱ्या टाकल्या,
मी खात नाही म्हणत असताना.

खुलासा लिहायला रात्र गेली. शेवटी चारच ओळी:
निरीक्षक नवीन आहे. मन अद्याप जागेवर नाही.
गेल्या तीन महिन्यांत सातव्या रकान्यात चुकून ०.१ पडले,
ते कृपया ४.४ वाचावे.

(त्यातला पॉइंट एक खराच माझा.
हिशेबात मी खोटी नाही.)

पाचला काच बुडवली. वर काढली तेव्हा कोरडं बोट फिरवलं,
मीठ नव्हतं. वेळ टिपली.
पलीकडच्या टोकाला सत्यवती फावडं ओढत होती, पाठमोरी,
आणि एवढ्या लांबून ती काही गुणगुणत होती
की मुकादमाला शिव्या घालत होती
कळलं नाही. यंत्राला तर नाहीच.